रहस्यकथा गयामावशींकडे परत कराव्यात

वाचनालयात परत आलेलं पुस्तक बाई आधी नाकाजवळ न्यायच्या. तारीख नंतर, फाटलं-बिटलंय का ते नंतर. पहिला मान नाकाचा. पुस्तक मधोमध उघडायचं, डोळे मिटायचे, एक श्वास घ्यायचा आणि म्हणायचं, "हं. फिरून आलं."

फिरून आलं म्हणजे वाचलं गेलं. पानांना फोडणीचा, गोठ्याचा, उदबत्तीचा किंवा बाळाच्या अंगाला लावायच्या तेलाचा वास असला की बाई खूश. नुसत्या कागदाचा वास आला तर चष्म्यावरून बघत म्हणायच्या, "हे तुमच्याकडं झोपून होतं वाटतं. अजून आठ दिवस न्या." माणूस ओशाळून पुस्तक पुन्हा काखोटीला मारायचा.

पुस्तकाला डाग पडला तर तुम्ही-आम्ही रागावतो. बाई वासावर जगणाऱ्या. मला हे जरा अस्वच्छ वाटायचं आणि मी तसं एकदा बोललोही. तेव्हा मला म्हणाल्या, "चिटणीस, माणूस घरी येऊन गेला की पाट हलवलेला दिसतोच ना? तसंच आहे हे."

आमचं गाव नेवासा तालुक्यात, नगरच्या रस्त्याला लागून. मी शुगर फॅक्टरीच्या हिशेब खात्यात नोकरी करतो. मी बेरीज चुकत नाही, एवढ्याच गुणावर गावाने मला वाचनालयाचा चिटणीस केलं. वाचनाची आवड हा गुण कुणी माझ्यात पाहिला नव्हता आणि तो नव्हताही. मी अहवाल वाचतो, वर्तमानपत्र वाचतो, कथा-कादंबऱ्यांच्या वाटेला जात नाही. बाईंना ते माहीत होतं. मी दारात दिसलो की त्या वाचकांना सांगायच्या, "सरका, चिटणीस आले. त्यांना भिंतीवरचे नियम वाचू द्या."

बाई ग्रंथपाल होत्या. उंचीने कमी, आवाजाने जास्त. नवरा लवकर गेला, एका मुलीला त्यांनी याच नोकरीवर वाढवलं. त्या नोकरीचा पगार किती होता हे मी चिटणीस म्हणून जाणतो आणि लाज वाटते म्हणून इथे लिहीत नाही.

वाचनालय जुन्या ग्रामपंचायतीच्या मागच्या दोन खोल्यांत होतं. एका पावसाळ्यात छताचा मोठा पोपडा वर्तमानपत्रांच्या टेबलावर पडला. दुपारची वेळ, टेबलाशी कुणी नव्हतं म्हणून निभावलं. इंजिनिअरने इमारत धोकादायक ठरवली. खोल्या पाडून नव्या बांधायच्या ठरल्या आणि तोवर पुस्तकं बाजार समितीच्या गोदामात ठेवायची, असा प्रस्ताव मी मांडला. मला तो व्यवहार्य वाटत होता. गोदामाला कुलूप होतं, भाडं नव्हतं.

"किती दिवस?" बाईंनी विचारलं.

"इमारत होईपर्यंत."

"आपल्या गावातली इमारत? चिटणीस, तोवर वाचकांना नातवंडं होतील. शिवाय गोदामाचा वास एकदा लागला की जात नाही."

इमारत रखडण्याची त्यांची भीती खरी होती, आणि त्यातला धोका माझ्याही कागदात होताच. वाचनालय बंद राहिलं आणि जिल्ह्याहून तपासणी आली, तर मान्यता जाणार. मान्यता गेली की अनुदान गेलं. मग नव्या इमारतीत वाचनालयाऐवजी दुकानांचे गाळे निघणार, हे सभेत कुणी बोललं नाही, पण सगळ्यांना कळत होतं. दोन सभासदांनी तर गाळ्यांची चौकशीही केली होती.

बाई म्हणाल्या, "पुस्तकांना घरं काही नवीन नाहीत. नाहीतरी जातातच. आता थोडे दिवस मुक्कामाला जातील."

त्यांची योजना अशी. एकेका घरी एकेक कपाट. ज्या घरी ज्या विषयाचं कपाट, त्या विषयाचं पुस्तक त्या घरून न्यायचं आणि तिथेच परत करायचं. बाई रोज सगळ्या घरांना फेरी मारणार. मी विरोध केला. हरवलेल्या पुस्तकांची जबाबदारी कुणाची, हा माझा प्रश्न होता.

"माझी," बाई म्हणाल्या. "लिहून घ्या."

मी लिहून घेतलं.

बालवाङ्मय शब्बीरभाई टेलरच्या दुकानात गेलं. पोरं मशीनच्या पायाशी बसून वाचायला लागली. शब्बीरभाई मला म्हणाले, "साहेब, एक पाय मशीनवर, एक पोराच्या पाठीत. शर्ट उशिरा मिळाला तर मला बोलू नका, तुमच्या बाईला बोला." पण ते कपाट दुसरीकडे हलवू का विचारलं, तर म्हणाले, "कशाला? सुई हरवली की हीच पोरं शोधून देत्यात."

चरित्रं साळवे गुरुजींकडे. गुरुजी निवृत्त मुख्याध्यापक. त्यांच्याकडे पुस्तक परत करायला जाणं म्हणजे तोंडी परीक्षा होती, आणि नापास झालेल्याला दुसरं पुस्तक मिळत नसे. पाकक्रियेची पुस्तकं आमच्या घरी आली. बायको म्हणाली, "इतकी वर्षं चिटणीस, आणि घरात पुस्तक आलं ते छत पडल्यावर." त्या काळात मी काय काय खाल्लं, याचा तपशील देत नाही.

रहस्यकथा मात्र बाईंनी गयामावशींकडे ठेवल्या, आणि तिथे माझा संयम सुटला. सर्वांत जास्त मागणी रहस्यकथांना. गयामावशींचं घर गावाच्या पार टोकाला, ओढ्यापलीकडे. घरात त्या एकट्या. मुलगे चाकणला कंपनीत, दिवाळीला आले तर आले. आणि मुख्य म्हणजे मावशींना अक्षरओळख नाही.

मी म्हटलं, "बाई, त्यांना वाचता येत नाही."

"कपाटाला तरी कुठं येतं?"

"आणि इतक्या लांब कोण जाईल?"

"तिथं चहा चांगला मिळतो," बाई म्हणाल्या आणि टेम्पोवाल्याला रस्ता दाखवायला निघून गेल्या.

लोक गेले. खून कुणी केला हे कळण्यासाठी माणूस ओढा ओलांडतो, हे मला तेव्हा समजलं. कोण काय नेतं ते न्यायला आलेला माणूस स्वतःच लिहून ठेवी. मावशींचा पुस्तकं सुचवायचाही एक नियम होता: "जे फाटकं, ते चांगलं. लई लोकांनी नेलं असंल, तवाच फाटलं ना?" साहित्याचा माझा अभ्यास नाही, पण याहून सरळ कसोटी मी ऐकलेली नाही.

आणि एक अट होती. पुस्तक परत करणाऱ्याने ओट्यावर बसायचं, चहा घ्यायचा आणि गोष्ट सांगायची. "काय झालं मंग त्यात?" असं विचारून मावशी तांदूळ निवडायला घ्यायच्या. गोष्ट संपल्याशिवाय पुस्तक जमा होत नसे.

इथवर ठीक होतं. पण महिन्याभरात माझ्याकडे तक्रारी येऊ लागल्या. मावशी ऐकलेली गोष्ट पुढच्या वाचकाला सांगून टाकायच्या. कुणी नवं पुस्तक उचललं की भाबडेपणाने म्हणायच्या, "ने, ने. लई चांगलं हाय. मेव्हण्यानं मारलंय त्याला. इख घालून."

पोस्टातला एक तरुण कारकून तर रडकुंडीला आला. "साहेब, तीन पुस्तकं झाली. पहिलं पान उघडायच्या आधी मला खुनी ठाऊक असतो!"

मी बाईंना गाठलं. म्हटलं, रहस्यकथेत रहस्यच राहिलं नाही तर उरलं काय? बाई पोट धरून हसल्या. डोळे पुसून म्हणाल्या, "तो कारकून पुस्तकं न्यायचा थांबला का?"

थांबला नव्हता. उलट तो आता मावशींशी भांडायला जायचा. खून मेव्हण्याने नव्हे, मुनिमाने केलाय, आदल्या माणसाने तुम्हाला चुकीचं सांगितलं, असं म्हणायचा. मग आदल्या माणसाला बोलावणं जायचं. ओट्यावर पंचायत भरायची. एकदा तर भांडण मिटवायला पुस्तक उघडून शेवटचं प्रकरण मोठ्याने वाचावं लागलं आणि ते ऐकायला अर्धी आळी जमली. ज्या दाराची कडी बाहेरून क्वचितच वाजायची, तिथे चपला ठेवायला जागा नव्हती. बाईंनी कपाट तिथेच का ठेवलं, हे मी त्यांना पुन्हा विचारलं नाही.

मग तपासणी आली. जिल्ह्याहून आलेले साहेब पाडलेल्या खोल्यांच्या विटांसमोर उभे राहिले. माझ्या हातात सगळे कागद होते. त्यांनी विचारलं, "वाचनालय कुठंय?"

बाई पदर खोचून पुढे झाल्या. "कुठनं सुरू करू साहेब? पोरांपासून की खुनापासून?"

साहेब हसले नाहीत. बाईंनी त्यांना उन्हातून चालवलं. शब्बीरभाईंच्या दुकानात पोरांनी मान वर करून पाहिलं आणि ती पुन्हा पुस्तकात घातली. साळवे गुरुजींनी साहेबांनाच दोन प्रश्न विचारले. आमच्या घरी बायकोने थालीपीठ पुढे केलं. ते पुस्तकातलं नव्हतं, पण तिने तसं सांगितलं नाही. शेवटी ओढा ओलांडून गयामावशींच्या ओट्यावर आलो. साहेबांनी सहज एक पुस्तक उचललं आणि मी डोळे मिटून घेतले.

"न्या की," मावशी म्हणाल्या. "चांगलं हाय. डाक्टरच खोटा हाय त्यो."

साहेब थबकले. पुस्तकाकडे बघितलं, मावशींकडे बघितलं. मग टेकले. "खोटा म्हणजे? मेलेला माणूस मेलेलाच नसतो का?"

"त्येच तर!" मावशींनी चहा टाकला.

साहेबांनी अहवालात काय लिहिलं ते मी वाचलेलं आहे. अहवाल वाचणं हे माझंच काम. त्यात एक वाक्य होतं: वाचनालय सुरू आहे. त्या वाक्यावर आमची मान्यता टिकली आणि गाळ्यांची चौकशी करणारे गप्प झाले.

नवी इमारत बाईंच्या अंदाजापेक्षा लवकर आणि माझ्या अंदाजापेक्षा उशिरा झाली. कपाटं परत आली. मी मोजणी केली. एक पुस्तक कमी भरलं आणि तीन जास्त. कमी कसं झालं ते समजण्यासारखं आहे. जास्त कशी झाली ते विचारलं, तर बाई म्हणाल्या, "मुक्कामाला गेलेलं माणूस रिकाम्या हातानं परत येतं का?"

शेवटचं कपाट आणायला आम्ही गयामावशींकडे गेलो. मावशी उंबऱ्यात बसून होत्या. अडवलं नाही. "न्या बापा, तुमचंच हाय," म्हणाल्या. टेम्पोत कपाट चढलं तेव्हा हळूच विचारलं, "पर मंग आता मला कोन सांगंल?"

दुसऱ्या दिवशी बाई समितीच्या सभेत उभ्या राहून म्हणाल्या, "चिटणीस, ठराव लिहा. रहस्यकथा वाचनालयातून न्याव्यात. परत मात्र गयामावशींकडे कराव्यात. तिथून आणायचं काम माझं."

मी म्हटलं, असा नियम कुठल्याच वाचनालयात नसेल.

"मग आपल्यात असू द्या."

तुम्ही कधी आलात तर भिंतीवर नियमांची पाटी बघा. सातवा नियम तो आहे. रंगाऱ्याला तो चूक वाटला होता आणि दोनदा विचारायला आला होता.

पुढे बाईंचे गुडघे गेले. निवृत्त झाल्या आणि नगरला, सावेडीत मुलीच्या फ्लॅटवर राहायला गेल्या. मी कामासाठी नगरला जायचो तेव्हा त्यांच्यासाठी पुस्तकं न्यायचो, वाचलेली आणायचो. त्या पिशवीत एक रहस्यकथा असायचीच. ग्रंथपाल असताना कधी वाचायला वेळ मिळाला नाही, म्हणायच्या. नियम त्यांनाही लागू होता. पुस्तक माझ्या पिशवीतून मावशींकडे जायचं आणि गोष्ट मोबाईलवरून. बाई रोज दुपारी फोन लावायच्या आणि वाचून होईल तेवढं सांगायच्या. मावशी फोन कानाला लावून ओट्यावर बसायच्या आणि शेजारणीला हाताने गप्प करायच्या.

गेल्या थंडीत बाई गेल्या. दवाखान्यात आठवडाभर होत्या. सुतकानंतर मी भेटायला गेलो तेव्हा मुलीने वाचनालयाचं पुस्तक हातात दिलं. मधे औषधाच्या पाकिटाचा तुकडा खुणेला घातलेला होता. पुस्तक अर्ध्यावर होतं.

परतल्यावर मी ते सरळ वाचनालयात जमा करू शकलो असतो. पण सातवा नियम माझ्याच हस्ताक्षरात ठरावाच्या वहीत आहे. मी ओढा ओलांडला.

मावशी ओट्यावर होत्या. मी पुस्तक पुढे केलं. त्यांनी ते घेतलं, मधोमध उघडलं आणि नाकाजवळ नेलं.

"दवाखान्याचा वास येतोय," म्हणाल्या. मग पुन्हा एक श्वास घेऊन, "पर फिरून आलंय."

चहा झाला. त्या नेहमीसारखं विचारतील याची मला भीती होती आणि त्यांनी विचारलंच, "काय झालं मंग त्यात?"

"मावशी, बाईंचं अर्धंच वाचून झालं होतं. खूण इथं आहे. पुढचं मला माहीत नाही."

"अर्धं ठावं हाय मला. फोनवर सांगितलंय त्यांनी. मालक मेलाय, दिवाणजी पळालाय, अन् सून खोटं बोलतीया." त्यांनी सूप पुढे ओढलं, तांदळात बोटं घातली. "तुमी पुढचं वाचा."

"मी?"

"मंग कोन? बसा."

मी बसलो. चष्मा पुसला. पाकिटाचा तुकडा काढून खिशात ठेवला आणि बाई थांबल्या होत्या त्या ओळीपासून वाचायला लागलो. एक परिच्छेद झाला, दुसरा झाला. मावशींचा हात तांदळात थांबला.

"हळू," त्या म्हणाल्या. "गोष्ट हाय ती. अहवाल न्हाई."