स्वीडनच्या दिग्दर्शकाचा अर्ज

"हा शब्द झाकून वाचा," असे म्हणून ते दिग्दर्शक माझ्या मसुद्यावर आपले जाड बोट ठेवीत. बोटाखाली 'जगद्विख्यात' अशा अर्थाचा इंग्रजी शब्द असे. मी उरलेले वाक्य वाचून दाखवी. "काही बिघडले?" ते विचारीत. बिघडलेले नसे. वाचकहो, वीस वर्षांच्या अर्जलेखनात अशी कबुली मी दुसऱ्या कोणापाशी दिलेली नाही.

नव्वदच्या दशकात मी अमेरिकेत एडिसनला, ओक ट्री रोडवरील एका किराणा दुकानाच्या मागील खोलीत बसत असे. कायद्याचा सल्ला देणे हा वकिलांचा प्रांत. परंतु अर्जदाराची हकीकत कागदावर उभी करण्याची विद्या मी तहसील कचेरीबाहेर बसून मिळवली होती, आणि तीत माझा हात धरणारा त्या भागात कोणी नव्हता.

हे गृहस्थ स्वीडनचे. तेथील दूरचित्रवाणीसाठी त्यांनी पंचवीस वर्षे मालिका लिहिल्या आणि दिग्दर्शित केल्या. पत्नी निवर्तल्यावर ते एकुलत्या एका मुलीकडे आले. तिने आपल्या नागपूरच्या एका इंजिनियरशी लग्न केले होते आणि तिला सातवा महिना होता. न्यूयॉर्कचा एक स्टुडिओ या गृहस्थांना काम द्यायला तयार होता. मात्र व्हिसा देण्यासाठी तेथील सरकारला त्यांच्या असामान्य कर्तृत्वाचा पुरावा हवा होता. तो न पटल्यास त्यांना देश सोडावा लागणार होता.

पुराव्याचा सारा भार कोळ्यांच्या गावावरील, बारा वर्षांपूर्वीच्या एका गाजलेल्या मालिकेवर होता. तिचे दहा भाग. सरकारने मागितलेला खुलासा शुक्रवारपर्यंत पोहोचायला हवा होता. बुधवारी दुपारी ते जावयासह सही करायला आले, पेन उघडले, आणि तसेच टेबलावर ठेवले.

"दहा नाहीत. सहा."

मग त्यांनी सांगितले. चित्रीकरण अर्ध्यावर आले असता फुप्फुसाच्या आजाराने ते इस्पितळात पडले. शेवटचे चार भाग त्यांच्या सहायक बाईंनी दिग्दर्शित केले. वाहिनीने पडद्यावर नाव मात्र एकट्या त्यांचेच ठेवले. बाई आता हयात नव्हत्या.

जावयाचा चेहरा उतरला. तो मराठीत मला म्हणाला, "काका, तुम्हीच समजवा यांना. टायटलमध्ये यांचंच नाव आहे, कॅसेट आपण अटॅच केलीय. कोण चेक करणार यार?"

मी समजावले. पडद्यावरचे नाव हाच पुरावा आहे. त्यापलीकडचे आपणहून सांगण्याची सक्ती नाही. न बोलणे म्हणजे खोटे बोलणे नव्हे. मुलीच्या बाळंतपणाचीही आठवण दिली. माझे बोलणे त्यांनी शेवटपर्यंत ऐकून घेतले.

"न बोलण्यात मी बारा वर्षे काढली आहेत," ते म्हणाले. "ते शिकायला तुमच्याकडे आलेलो नाही. तिचे नाव लिहा."

जावई उठून दुकानात गेला आणि तांदळाच्या पोत्यांपाशी आमच्याकडे पाठ करून उभा राहिला. मी ते पान नव्याने टाइप केले. त्यांनी अक्षर न् अक्षर तपासून सही केली.

तीन आठवड्यांनी नकार आला. त्यात लिहिले होते, की मालिकेचे अखेरचे चार भाग अमुक बाईंनी दिग्दर्शित केले असल्याने संपूर्ण श्रेय अर्जदाराचे धरता येत नाही. माझ्या डोक्यात फेरविचाराच्या अर्जाची पहिली ओळ तयार होती. त्यांनी तो परिच्छेद दोनदा वाचला.

"हा सरकारी कागद आहे ना?"

मी होय म्हणालो.

"मग याची एक प्रत द्या. तिच्या नवऱ्याला पाठवतो. ती दिग्दर्शक होती, असे त्याने अजून कुठेही छापलेले पाहिलेले नाही."

मी प्रत काढून दिली. पाकिटावर पत्ता घालून ते बाहेर गेले. मुलगी गाडीत वाट पाहत होती. नकाराचे तिला अजून ठाऊक नव्हते. मी दुकानाच्या दारापर्यंत आलो. ते तिच्या शेजारी बसले, काहीतरी बोलले. तिने किल्ली फिरवण्यासाठी पुढे केलेला हात मागे घेतला आणि पोटावर ठेवला. गाडी बराच वेळ जागची हलली नाही.