पळीकाकांची चवखूण

पळीकाकांचं खरं नाव गल्लीत कुणालाच ठाऊक नव्हतं आणि त्यांनीही ते सांगायची कधी तसदी घेतली नाही. लाकडी पळ्या करणारा माणूस, म्हणून पळीकाका. दुकान म्हणजे जिन्याखालची खोली. आत एक माणूस, एक स्टूल आणि घोटाभर भुसा मावला की जागा संपली. गिऱ्हाईक दारातच उभं राहायचं.

लोक यायचे ते पळीच्या पोटात कोरलेल्या खुणेसाठी. चवखूण म्हणायचे तिला. एक अर्धं वर्तुळ, त्यात एक थेंब आणि खाली जिभेसारखी वळती रेघ. खूण पवित्र. तशी पळी जमिनीवर ठेवायची नाही, तिने कुणाला मारायचं नाही, आणि ती ज्या भांड्यात फिरेल त्यातलं अन्न बेचव होणार नाही, अशी श्रद्धा. हॉटेलवालेसुद्धा न्यायचे. ते काय, गल्ला भरणार असेल तर कशावरही श्रद्धा ठेवतात.

कोरणाऱ्याला मात्र दोन नियम होते. खूण पुरी झाली की तिला जीभ लावायची, म्हणजे आपली थोडी चव तिच्यात उतरते. आणि स्वतःच्या घरासाठी ती कधी कोरायची नाही. काकांनी दोन्ही इमानाने पाळले. दिव्याखाली अंधार म्हणतात तो असा. जीभ लावता लावता त्यांची स्वतःचीच चव गेली. आधी तिखट बोथट झालं, मग गोड, शेवटी मीठही कळेना. भुशाने गेली की खुणेने नेली, देव जाणे. काकांनी कुणाला सांगितलं नाही. चव नसलेल्या माणसाकडून चवखूण कोण घेणार? घरी काकूंनी ताट वाढलं की पहिल्याच घासाला म्हणायचे, "आज तर कमाल केलीस." काकूंच्या हाताला खरंच चव होती, असं सगळी गल्ली सांगायची. काका गल्लीवर विश्वास ठेवून जेवायचे.

मग काकूंना ताप आला. तो उतरला, पण जाताना जिभेची चव आणि नाकाचा वास दोन्ही घेऊन गेला. डॉक्टर म्हणाले, येईल हळूहळू, कदाचित नाहीही येणार. काकूंनी जेवणच सोडलं. "ओला पुठ्ठा चघळल्यासारखं वाटतं हो. घशाखाली उतरत नाही." आधी अर्धी पोळी, मग चार घास, मग नुसतं पाणी. गाल बसले. भिंत धरून चालायला लागल्या. लेकीने रागावून पाहिलं, रडून पाहिलं. असंच चाललं तर बाई हातची जाईल, हे सांगायला आता डॉक्टरांचीही गरज उरली नव्हती.

एका दुपारी काकूच म्हणाल्या, "एक पळी माझ्यासाठी कोराल?" आयुष्यात त्यांनी कधी मागितली नव्हती. नियम त्यांनाही ठाऊक होता.

काकांना नियम मोडायची भीती होतीच, पण खरी भीती वेगळीच होती. आपल्यापाशी उरलीच नाही ती चव खुणेत उतरवणार कुठून? तरी बुडत्याला काडीचा आधार म्हणून ते दुकानात जाऊन बसले. पटाशी दोनदा घसरली. जीभ लावताना त्यांनी डोळे मिटले आणि मनात म्हणाले, माझं असेल नसेल ते घे, पण हिला जेवू दे. मग त्याच पळीने त्यांनी स्वतः बटाट्याचा रस्सा केला आणि पावाबरोबर काकूंपुढे ठेवला.

"कसा झालाय?" काकूंनी विचारलं.

काकांनी आपली वाटी तोंडाला लावली. "फक्कड. अगदी तू करतेस तसा."

काकूंनी घास घेतला. चावता चावता थांबल्या आणि ताट बाजूला सरकवलं. "खुणेलाही मी नकोशी झाले," त्या हळूच म्हणाल्या.

काकांना ब्रह्मांड आठवलं. ते घटाघटा रस्सा पीत सुटले. "अगं, किती छान झालाय, बघ तरी," असं म्हणत त्यांनी आणखी वाटी भरून घेतली. डोळ्यांतून पाणी वाहत होतं, तेही रश्श्यात पडत होतं.

तेवढ्यात लेक कामावरून आली. आईपुढचं ताट बघून तिने रश्श्यात बोट बुडवून चाखलं आणि तशीच मोरीकडे धावली. "बाबा, रश्श्यात मीठ आहे की मिठात रस्सा? आईला कळत नाही, मान्य. पण तुम्ही एवढा प्यालात कसा?"

काकांनी वाटी खाली ठेवली. काकू त्यांच्याकडे बघत राहिल्या.

"कधीपासून?"

"ही पहिलीत होती तेव्हापासून."

"आणि रोज मला छान म्हणायचात?"

"छानच असायचं. सगळे सांगायचे."

"तुम्हाला आवडतं म्हणून मी गॅसपुढे पाय मोडेस्तोवर उभी राहिले. आणि तुम्हाला काय लागायचं?"

"काहीच नाही." काकांनी मान खाली घातली. "पण तू समोर बसून बघत असायचीस. मग जायचं घशाखाली."

लेकीने ताट उचलायला हात पुढे केला. काकूंनी तो अडवला, रश्श्याची वाटी तेवढी काढून तिच्या हातात दिली. पाव ताटात ठेवून घेतला.

"इथे समोर बसा," त्या काकांना म्हणाल्या. "आणि एक अक्षर बोलू नका."

काका बसले. काकूंनी पावाचा तुकडा मोडला, तोंडात घातला आणि त्यांच्यावरची नजर न काढता चावत राहिल्या. रागाने चावतायत की कशाने, काकांना कळेना. घास एकदाचा खाली गेला. मग त्यांनी दुसरा मोडला.