बांधावरचा हिवर

आमच्या आणि चुलत्यांच्या शेतामधल्या बांधावर एक हिवर होता. तो मी मारला. आता पन्नाशी ओलांडल्यावर हे लिहितो आहे. ज्यांना सांगायला हवे होते त्यांना कधीच सांगितले नाही.

शेत घोडेगावच्या पलीकडे, नेवाशाच्या कोरड्या अंगाला. त्या बाजूला झाड म्हणजे बाभूळ, बोर, कडुनिंब आणि हिवर. आमचा हिवर जुना होता. पांढुरकी साल, दोन-दोनच्या जोडीने काटे, फांद्यांच्या टोकांना सुगरणींचे खोपे. वडील आणि चुलते वेगळे झाले तेव्हा वाटणीची दोरी बरोबर त्याच्या खोडावरून गेली. आमच्याकडे रीत अशी की बांधावरचे झाड दोघांचे. एकट्याने त्याला कुऱ्हाड लावायची नाही, आणि तोडलेच तर लाकूड निम्मे-निम्मे.

वडील वारल्यावर शेत माझ्याकडे आले. लढाईची वर्षे होती. पिकलेल्या जोंधळ्यातून सरकारी लेव्ही घालावी लागे आणि उरलेल्यात वर्ष काढावे लागे. दुपार कलली की हिवराची सावली माझ्या शेतात यायची. तेवढ्या पट्ट्यात शाळू गुडघ्याएवढाच राहायचा. त्याला आम्ही वसवा म्हणतो. पेरणीपासून काढणीपर्यंत मी त्या खुरट्या पट्ट्याकडे बघत असे आणि माझे डोके तापत असे. चुलत्यांच्या बाजूला सावली सकाळची, कोवळी. त्यांचे काही जात नव्हते.

हिवर तोडू या, असे मी त्यांना दोनदा विचारले. दुसऱ्यांदा ते त्याच्याच बुडाशी भाकरी खात बसले होते. त्यांनी मान वर केली नाही.

"सात बुकं शिकलास आन सावलीला भ्याया लागलास व्हय रं?" ते म्हणाले. शेजारच्या रानातले गडी हसले.

ते हसणे माझ्या मनात कुजत राहिले. उन्हाळ्यात मी माझ्या बाजूने बांधालगत कमरेएवढा चर खणला आणि सापडतील ती मुळे तोडली. हे उघड केले. चर सगळेच खणतात, त्यात कुणाला वावगे वाटत नाही. पण हिवराचे पानही हलले नाही. झाडाच्या पोटात हिंग घातला की ते वाळते, असे आमच्याकडे म्हणतात. आईने पोटदुखीसाठी जपून ठेवलेल्या हिंगाचा खडा मी डबीतून काढला आणि सुताराचे गिरमिट मागून आणले. चुलते बैल बघायला घोडेगावच्या बाजारी गेले होते. भर दुपारी हिवराला भोक पाडले, खडा आत ठोकला आणि वरून शेणमाती लिंपली. आई पुढे कितीतरी दिवस तो खडा शोधत होती, चुलत्यांच्या घरीही विचारून आली. मीही तिच्याबरोबर शोधला.

पुढच्या उन्हाळ्यापर्यंत हिवर वाळला. हिंगाने झाड मरत नाही, असे मला पुष्कळ वर्षांनी एका शेतकी मास्तरांनी सांगितले. मग ते चराने मेले असेल. नक्की कशाने मेले ते मला ठाऊक नाही. मारायला मी गेलो होतो, हे ठाऊक आहे.

शाळू निघून राने मोकळी झाली की दरसाल एक धनगर आमच्या शिवारात मेंढरे बसवायला यायचा. लेंडीखत शेताला, त्याबद्दल धान्य त्याला. त्याचे बिऱ्हाड हिवराखालीच उतरायचे. शेंगा पिकल्या की तो आकडीने हलवून पाडायचा, पण फांदी कधी तोडत नसे. त्या वर्षी तो आला तेव्हा चुलते बांधावर उभेच होते. मागच्या वर्षी तूच साल सोलून झाड वाळवलेस, असे म्हणून त्यांनी शिव्यांना सुरुवात केली. चार माणसे जमली. मीही गेलो. न गेलो असतो तर ते लोकांच्या डोळ्यांवर आले असते.

धनगर खोडाभोवती फिरला, हाताने चाचपत. एका जागी थांबला, कुऱ्हाडीच्या टोकाने शेणमाती उकरली आणि बोट घालून हुंगले.

"ह्यो हिंग हाय," तो म्हणाला. "आमी मीठ-मिरचीवर जेवनारी मानसं. आमच्यात हिंग कोन खातंय?"

चुलत्यांनी वाकून हुंगले. मग माझ्याकडे पाहिले. तो चर, ते दोनदा विचारणे, आईचा हरवलेला हिंग, सगळे त्यांना त्या एका क्षणात कळले. मी खाली बघितले.

चुलते धनगराकडे वळले. "तूच मारलास. ह्या शिवारात पुन्हा मेंढरू दिसता कामा न्हाई."

"व्हय बाबा," धनगर म्हणाला. "आमीच मारला. घरचा मानूस कुठं झाड मारतोय."

ऊन उतरायच्या आत त्याने बिऱ्हाड घोड्यावर लादले. तोंड उघडायला मला तेवढा सगळा वेळ होता.

माणसे पांगल्यावर चुलते जवळ आले. "तुला वाचवला न्हाई. भावकीची लाज झाकली," एवढे बोलले. त्यानंतर मरेपर्यंत माझ्याशी बोलले नाहीत. हिवर तोडल्यावर निम्मे लाकूड मात्र त्यांनी रीतीप्रमाणे माझ्या दारात आणून टाकले, एक ढलपीही कमी नाही. आम्ही ते पावसाळाभर जाळले.

धनगर झाडे मारतो ही गोष्ट आसपासच्या गावांत पोचली. त्याला कुणी मेंढरे बसवू दिली नाहीत. मला त्याचा रागच यायचा. हुंगायची काय गरज होती, असे मी मनात म्हणायचो.

दोन वर्षांनी घोडेगावच्या बाजारात तो समोर आला. घोडे नव्हते, मेंढरेही फार थोडी होती. मी वळणार तोच त्याने हाक मारली.

"बांधाकडचा शाळू कसा आलाय औंदा?"

"चांगला आलाय," मी म्हणालो. ते खरे होते. पट्टा इतर शेतासारखाच डोक्याएवढा वाढला होता.

तो तिथेच उभा राहिला, मी आणखी काही बोलेन म्हणून. शेजारी एक खोंड बांधलेला होता. मी त्याचे दात बघायला वाकलो आणि धनगराची पावले निघून जाईपर्यंत वाकूनच राहिलो.