मनाई हुकमावर अण्णांचं नाव

पहिला घण लेथवर पडला तेव्हा मी कोर्टाचा मनाई हुकूम हातात धरून उभा होतो. दुसरा माझ्या डाव्या मनगटावर पडला. गिंडीच्या औद्योगिक वसाहतीतल्या आमच्या शेडमध्ये भर दुपारी चार माणसं शिरली होती, आम्हाला हुसकावायला जागामालकानं पाठवलेली. मी कोर्टाचं नाव घेत कागद नाचवत होतो. एकानं तो हिसकावून माझ्याच तोंडात कोंबला आणि केस धरून माझं डोकं बाकावर आपटलं. दोन दात तिथंच पडले. "सोमवारी लॉरी आणतो," ते जाताना म्हणाले. "उरलेलं सगळं भंगारात."

हाताला प्लॅस्टर घालून, हुकमाची दुसरी प्रत घेऊन मी आमच्या वकीलबाईंकडे गेलो. सुजलेल्या तोंडानं म्हणालो, कोर्टाचा अवमान झालाय, त्यांना आत टाका.

त्यांनी हुकूम वाचला. "हा तुमच्या अण्णांच्या बाजूनं आहे. अवमानाचा अर्ज त्यांनीच करायला हवा. दाव्यात तुम्ही नाहीच. फार तर साक्षीदार."

"मार मी खाल्लाय, मॅडम."

"दावा लावताना मी विचारलं होतं, दोघांची नावं घालू का. आता तुमचं नाव घालून घ्यायचं तर वेळ जाईल. सोमवारच्या आत सही लागेल, ती त्यांची."

विचारलं होतं खरं. आमच्या तंजावरी मराठी घरात थोरला भाऊ असताना धाकट्यानं कागदावर नाव घालणं म्हणजे त्याला जिवंतपणी बाजूला सारणं. लग्नपत्रिका असो की भाडेकरार. अण्णांनी जन्मभर ऑफिसात फायली लावल्या, लेथला कधी हात लावला नाही. शेड मी चालवली. तरी मीच ऐटीत म्हणालो होतो, अण्णांच्या शेजारी माझं नाव शोभणार नाही. स्वतःच्या मूर्खपणाची मला अजून चीड येते.

संध्याकाळी अण्णांच्या घरी गेलो. अर्ज पुढे ठेवला.

"वेंडाम," ते म्हणाले. "नको रे. कोर्टाचा अपमान झालाय ना, कोर्ट बघून घेईल."

"तुम्ही सही केल्याशिवाय कोर्ट काही बघत नाही, अण्णा."

"ते लोक काल इथं आले होते. तुझ्या वहिनीकडून पाणी मागून प्याले. मला भीती वाटते."

एवढं सरळ कुणी सांगितलं तर माणसानं गप्प बसावं. माझं डोकं फिरलं. धड हातानं मी त्यांच्या तोंडावर ठोसा मारला, मग आणखी एक. चष्मा फुटला, भुवई फाटली, नेसलेल्या पांढऱ्या वेष्टीवर रक्त सांडलं. उभ्या जन्मात मी त्यांच्यापुढे आवाज चढवला नव्हता. वहिनी स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. तिनं ओला पंचा आणून त्यांच्या हातात दिला.

अण्णांनी डोळा पुसला. "पेन दे," म्हणाले.

सकाळी वकीलबाईंनी त्यांच्या भुवईचे टाके पाहिले. "यांनाही मारलं?"

"हो. घरी येऊन," मी म्हणालो.

"किती जण होते?"

"एकच," अण्णा म्हणाले. मी धड हात खिशात घातला.

बाईंनी ते जागामालकाच्या माणसाचं काम म्हणून अर्जात घातलं. अण्णांनी त्यावर शपथ घेतली. कोर्टात न्यायाधीशांनी त्यांना पुढे बोलावून डोळा पाहिला, आणि जागामालकाला स्वतः हजर व्हायचं फर्मान काढलं. सोमवारी लॉरी आली नाही. शेड वाचली.

त्या भुवईबद्दल तक्रार करायचा अधिकार एकट्या अण्णांचा होता. माझ्यासाठी ते कोर्टात खोटं बोलले.

त्या दिवशी कोर्टाच्या गेटबाहेर रिक्षाची वाट बघताना त्यांनी विचारलं, "हात दुखतोय का?"

मी प्लॅस्टरचा हात पुढे केला.

"तो नाही," अण्णा म्हणाले. "दुसरा."