सकाळ माझी, संध्याकाळ युनूसची

हसणार असाल तर आधी कप खाली ठेवा, नाहीतर ठसका लागेल. कोर्टात हवं ते मिळवून, वर पेढे वाटून हरलेला माणूस कधी पाहिलाय? बघून घ्या, तुमच्या समोर बसलाय!

लोणंदला माझं आणि माझ्या चुलतभावाचं, युनूसचं घर भिंतीला भिंत लावून. पुढं दोघांत मिळून एक ओटा. माझे अब्बा आणि युनूसचे अब्बा, म्हणजे आमचे चाचा, रोज संध्याकाळी तिथं बसायचे. बाजारातून कांद्याच्या गाड्या परतायच्या. चाचा एकेका गाडीवाल्याला हाक मारून चहाला थांबवायचे आणि अम्मी आतून ओरडायची, "आणखी किती कप?" काय दिवस होते हो!

ते दोघं गेले आणि आमची डोकी फिरली. युनूसनं ओट्यावर स्कूटर लावली, मी कोंबड्यांचं खुराडं आणून ठेवलं. झालं! प्रकरण तालुक्याच्या कोर्टात.

जजसाहेब म्हणाले, "भावाभावांत कसलं भांडण? तडजोड करा. एकानं सकाळी बसा, एकानं संध्याकाळी."

"मला सकाळ चालंल, साहेब," युनूस लगेच म्हणाला.

माझ्या मनात पाल चुकचुकली. हा गडी सकाळ मागतोय, म्हणजे खरी मजा सकाळीच असणार!

"न्हाई साहेब! सकाळ मलाच पायजे!"

वकिलांनी मागून माझा शर्ट ओढला. ऐकतोय कोण? ठोकली सही. तडजोडीवर कोर्टाचा हुकूम झाला आणि मी गल्लीभर पेढे वाटले.

दुसऱ्या दिवशी ओट्यावर जाऊन बसलो. ओट्याचं तोंड उगवतीला! ऊन थेट डोळ्यांत आणि गप्पांना चिटपाखरू नाही. संध्याकाळी मात्र गार सावली, वारा, आणि माझेच दोस्त युनूसशेजारी खिदळतायत. मी आपला खिडकीच्या गजाआडून बघतोय.

तडक वकिलांकडं गेलो. "अपील करा!"

"आवं सलीमभाई, तुमी राजीखुशीनं सही केली. तडजोडीच्या हुकमावर अपील चालत न्हाई."

"वरच्या कोर्टात तरी?"

"कुठंच न्हाई. फसवून सही घेतली आसंल, तर त्याच कोर्टात अर्ज करता येतो. पर पुरावा लागंल."

पुरावा? आत्ता आणतो! मोबाइलचं रेकॉर्डिंग चालू केलं, खिशात टाकला आणि संध्याकाळी ओट्यावर हजर.

"युनूस, खरं सांग. सकाळ मुद्दाम मागितलीस ना?"

"व्हय, मुद्दामच."

सापडला! मी खिसा पुढं केला. "जरा मोठ्यानं बोल."

"आरं, तुज्या अब्बांची जागा ती. संध्याकाळी तितं बसल्याबिगर तुला करमत न्हाई, मला ठावं न्हाई व्हय? म्हनून म्या सकाळ मागितली. तर तूच वरडाय लागलास!"

मी पुढं केलेला खिसा हळूच मागं घेतला.

वकिलांनी ते रेकॉर्डिंग दोनदा ऐकलं. म्हणाले, "सलीमभाई, ह्यो पुरावा कोर्टात नेऊ नका. ह्यात फसलेला माणूस तुमी, आन् फसवनारा बी तुमीच."

आता रोज संध्याकाळी मी अब्बांच्या जागेवर बसतो, युनूसच्या परवानगीनं. चहाही त्याचाच. काल सहज म्हणालो, "साखर जरा कमी पडली रं."

कपातून तोंड वर न काढता युनूस म्हणाला, "मग कर की अपील!"