‘पालट’ आणि आक्काचा खोकला

आमच्या घरात आक्काच्या खोकल्याविषयी बोलायला बंदी होती. ही बंदी कुणी घातली ते मी सांगणार आहे, आणि रागानंच सांगणार आहे. इतक्या वर्षांत हा राग कमी झालेला नाही आणि तो कमी व्हावा असं मला वाटतही नाही.

ऐंशीच्या दशकात, मी परतूरला कॉलेजात असताना, मोंढ्याजवळ, म्हणजे धान्यबाजाराजवळ, बियाण्यांच्या दुकानावरच्या खोलीत एका सरांनी वर्ग सुरू केला. शहरातून आलेले, पांढरेशुभ्र कपडे, आवाज गोड. त्यांच्या विद्येचं नाव ‘पालट’. जे व्हायला हवं ते होऊन गेलंय असं भूतकाळात बोलायचं, म्हणजे जग त्या बोलण्यासारखं पालटतं. ‘होईल’ म्हणायचं नाही, कारण ‘होईल’ म्हटलेली गोष्ट कायम पुढंच राहते. आणि घरातल्या एकानं जरी खरी परिस्थिती तोंडानं सांगितली, तरी पालट मोडतो. त्याला ते ‘खंड’ म्हणत.

सरांनी शिकवलं ‘झालं’. गावानं त्याचं ‘झाल्तं’ केलं. आमच्या बोलीत ‘झालं होतं’चं ‘झाल्तं’ होतं, आणि लोकांना वाटलं, गोष्ट जितकी मागची सांगावी तितकी ती पक्की. एकदा स्टँडवर एक मास्तर वाटूरच्या गाडीची वाट बघत ‘गाडी आल्ती, गाडी आल्ती’ पुटपुटत होते. शेजारचा म्हातारा म्हणाला, “मंग बसले का न्हाई तिच्यात, गुरुजी?” सगळं स्टँड हसलं. मीही हसलो.

उपयोग कुणालाच झाला नाही असं म्हणणं खोटं ठरेल. माझ्या वर्गातला एक मुलगा तोंडी परीक्षेला थरथरायचा. ‘मी पास झाल्तो’ घोकत तो शांतपणे आत गेला आणि खरंच पास झाला. पण त्यानं अभ्यास केला होता. पालटली ती त्याची भीती, परीक्षकाचे प्रश्न नव्हे. सरांनी एवढंच सांगितलं असतं, तर मी आज त्यांच्या पाया पडलो असतो.

आक्का माझी मोठी बहीण. वडील गेल्यावर ती कापसाच्या जिनिंगमध्ये कामाला लागली, म्हणून मी शाळेत टिकलो. आमच्या घराण्यातला पहिला पदवीधर मी, आणि त्या पदवीतलं निम्मं आक्काचं. जिनिंगमध्ये असतानाच तिला खोकला आणि संध्याकाळचा ताप सुरू झाला. सरकारी दवाखान्यात क्षयाचं निदान झालं. गोळ्या सुरू झाल्या, ताप उतरू लागला.

तेवढ्यात माय शेजारणीबरोबर त्या वर्गाला जाऊन आली. सरांनी तिला सांगितलं की गोळी घेणं म्हणजे ‘मी आजारी आहे’ असं रोज म्हणणंच आहे. गोळ्या बंद झाल्या. मी भांडलो, तर खंड पडेल म्हणून मायनं माझ्या तोंडावर हात ठेवला. शिकलेल्या माणसानं सांगितलेलं तिला खरं वाटलं. तिचा तेवढाच दोष.

काही महिन्यांनी आक्काच्या थुंकीतून रक्त पडलं. माय धावत सरांकडे गेली. मीही मागोमाग गेलो. सर हळू आवाजात म्हणाले, “खंड पडला, बाई. पोरीनंच मनात म्हटलं असेल.”

हे वाक्य मी विसरणार नाही. आजारही तिचा आणि गुन्हाही तिचाच. घरी येऊन माय तिला बोल बोल बोलली. आक्का तोंडात पदर कोंबून खोकला दाबत राहिली.

मी दोघींना जालन्याला नेलं. तिथले डॉक्टर पुण्याकडचे, तरुण. त्यांनी काय होतंय असं विचारलं. माय म्हणाली, “काई न्हाई, साहेब. बरी झाल्ती पोरगी.”

डॉक्टरांनी तिचं बोलणं जसंच्या तसं घेतलं. “बरी झाली होती. मग पुन्हा कधीपासून बिघडलं?”

या प्रश्नाचा सराव सरांनी मायकडून करून घेतला नव्हता.

आक्का म्हणाली, “गोळ्या सोडल्या तवापासून. रोज ताप येऊन राह्यला, साहेब. दम लागून राह्यला. घरात बोलू देत न्हाईत.”



उपचार पुन्हा पहिल्यापासून सुरू झाले, आता इंजेक्शनांसकट. आक्का वाचली, पण तिचं एक फुप्फुस कायमचं निकामी झालं. मी वर्गाच्या त्या खोलीत जाऊन सरांना हे सांगितलं. ते हसून म्हणाले, “बघा, शेवटी बरी झालीच ना?” समोर बसलेल्यांनी माना डोलावल्या. त्यांतले दोघे माझ्याच कॉलेजचे प्राध्यापक होते. मी काय काय बोललो ते इथं लिहिण्यासारखं नाही. पुढं सर दुसऱ्या गावाला गेले. कुणी त्यांना जाब विचारला नाही.

माय जाऊन बरीच वर्षं झाली. आक्का अजून परतूरलाच असते, मी नोकरीमुळं लांब. फोनवर तब्येत विचारली की ती पटकन म्हणते, “बरी हाय, एकदम बराबर.” मला ते खरं मानता येत नाही. दोन वेळा ती असंच म्हणाली आणि दोन्ही वेळा तिला ताप होता. म्हणून सुट्टी मिळाली की मी गाडी पकडतो. तिच्याशेजारी ओट्यावर बसतो, काहीतरी दुसरंच बोलतो आणि तिचा श्वास ऐकत राहतो.