आईच्या नावाची आंघोळ

आई गेल्याचा फोन पुण्याहून आला, तेव्हा शारजात जुलैची दुपार होती. विमान दुसऱ्या दिवशीचं होतं, तोवर अंत्यविधी उरकणार. निदान तिच्या नावाने थंड पाण्याची आंघोळ करावी, तर नळाला गच्चीवरच्या टाकीतलं चटके देणारं पाणी. म्हणून उन्हाळ्यात आम्ही गीझर बंद ठेवतो आणि त्यात साठून निवलेलं पाणी घेतो. त्या दिवशी पुण्याच्या सवयीने मी गीझरचं बटण दाबून बसलो होतो.

"बाबा, हू टर्न्स इट ऑन इन जुलै?" दाराबाहेरून मुलगी म्हणाली.

"मग काय, फ्रिजमधलं ओतून घेऊ?"

ती खरंच तीन बाटल्या घेऊन आली. तेवढ्या पाण्यात पाठही धड भिजली नाही. आईसाठी एवढंही नीट जमू नये, याचा राग अजून जात नाही.